हॅटवरची किमतीची चिठ्ठी

चरित्राच्या या पानावर बहुतेक वेळा शास्त्रज्ञ, समाजसुधारक नाही तर स्वातंत्र्यसैनिक यांची ओळख करून दिली जाते. या वेळी आम्ही एका विनोदी नटीची ओळख करून देत आहोत, आणि तीही परदेशी. अमेरिकेच्या टेनेसी राज्यातली एक शिकलीसवरलेली बाई पन्नास वर्षे रंगमंचावर, रेडिओवर आणि टेलिव्हिजनवर एक खेडवळ मुलगी होऊन उभी राहिली. अंगात साधासा झगा, डोक्यावर गवताची हॅट, हॅटवर खोटी फुले, आणि हॅटच्या कडेला लोंबणारी दुकानातली किमतीची चिठ्ठी. चिठ्ठीवर आकडा एक डॉलर अठ्ठ्याण्णव सेंट. ही हॅट दिसली की काही बोलण्याआधीच प्रेक्षक हसू लागत.

तिचे नाव मिनी पर्ल. पण हे पात्राचे नाव. खऱ्या बाईंचे नाव सारा ओफिलिया कॉली, लग्नानंतर सारा कॅनन. इंग्रजीत नाही अशी एक सोय आपल्या मराठीत आहे. साराबाईंना आम्ही ‘त्या’ म्हणू आणि मिनीला ‘ती’ म्हणू, म्हणजे वाचताना घोटाळा होणार नाही. घोटाळा होणे साहजिक आहे, कारण या दोघींमधली रेघ कुठे ओढायची हा प्रश्न साराबाईंनाही आयुष्यभर पडत आला.

त्यांचा जन्म २५ ऑक्टोबर १९१२ रोजी सेंटरव्हिल या लहानशा गावी झाला. हे गाव नॅशव्हिल शहरापासून साधारण ८० किलोमीटरवर आहे. वडील लाकडाचे मोठे व्यापारी होते. पाच बहिणींत सारा सर्वांत धाकट्या. घरी पियानो होता, पुस्तके होती, चांगल्या रीतीभाती होत्या. म्हणजे साराबाई खेडवळ नव्हत्या, लहान गावातल्या सुखवस्तू घराण्यातल्या होत्या. हा फरक लक्षात ठेवायला हवा, कारण पुढची सगळी गोष्ट त्याच्यावर उभी आहे.

लहानपणापासून त्यांना नटी व्हायचे होते. विनोदी नव्हे, गंभीर नाटकांतली. त्यांच्या नावातली ओफिलिया ही शेक्सपिअरच्या ‘हॅम्लेट’मधली नायिका, आणि अशाच भूमिका करण्याची त्यांची आकांक्षा होती. पण १९२९ नंतर अमेरिकेत जी महामंदी आली तिच्यात वडिलांचा धंदा बसला. दूरच्या शहरात जाऊन नाट्यशिक्षण घेण्याइतका पैसा उरला नाही. नॅशव्हिलच्या वॉर्ड-बेल्माँट या मुलींच्या महाविद्यालयात त्या नाट्यकला शिकल्या आणि १९३२ मध्ये शिक्षण पुरे करून गावी परतल्या. दोन वर्षे त्यांनी गावातल्या मुलांना नाच आणि नाट्य शिकवले. थोडक्यात, गावच्या शिकवणीच्या बाई झाल्या.

१९३४ मध्ये त्यांना अटलांटाच्या एका नाटक कंपनीत काम मिळाले. या कंपनीचा धंदा मोठा मजेशीर होता. कंपनीजवळ स्वतःचे नट नव्हतेच. कंपनीची एक तरुण बाई एखाद्या गावात जाई. तिच्याजवळ नाटकाची संहिता आणि कपड्यांची पेटी. गावातला एखादा क्लब नाही तर शाळा यजमान होई. मग गावातलेच दुकानदार, मास्तर, डॉक्टर, त्यांच्या बायका आणि मुले यांना गोळा करून त्या बाईने आठ-दहा दिवसांत तालमी घ्यायच्या आणि खेळ उभा करायचा. तिकिटांच्या पैशांत गावाचा वाटा आणि कंपनीचा वाटा. आपल्या शाळेच्या स्नेहसंमेलनाच्या आधीचा आठवडा आठवा, म्हणजे हे काम काय असेल याची कल्पना येईल. फक्त साराबाईंचे स्नेहसंमेलन वर्षभर चाले, आणि दर वेळी गाव नवे, माणसे नवी. अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या राज्यांतली कितीतरी खेडी त्यांनी अशी पालथी घातली. मुक्काम बहुधा कुणाच्या तरी घरी असे.

असाच एक मुक्काम १९३६ सालच्या थंडीत अलाबामा राज्यातल्या सँड माउंटन या डोंगराळ भागात पडला. गावाचे नाव बेलीटन. तिथे सत्तरी ओलांडलेल्या एका डोंगरी बाईच्या घरी त्या राहिल्या. घर गरिबाचे. म्हातारीला सोळा मुले झाली होती. पण बाई मोठी बोलकी. रात्री चुलीशी बसून ती गावातल्या माणसांच्या गोष्टी सांगे, आणि त्या इतक्या गमतीदार असत, की साराबाई हसून बेजार होत. विशेष असे, की आपण विनोद सांगतो आहोत याचा म्हातारीला पत्ताच नव्हता. जसे घडले तसे ती सांगत होती. निघायच्या दिवशी म्हातारीने त्यांना आपल्याच घरची म्हटले. आपल्याला आयुष्यात मिळालेली ही सर्वांत मोठी शाबासकी, असे साराबाई पुढे मानत आल्या.

पुढच्या गावी गेल्यावर त्यांनी त्या म्हातारीच्या बोलण्याची ढब करून दाखवायला सुरुवात केली. नाटकाची जाहिरात करायला त्यांना गावच्या क्लबांत दोन शब्द बोलावे लागत. तिथे त्या या ढबीत चार गोष्टी सांगत. लोक हसत, तिकिटे खपत. हळूहळू त्या ढबीला एक नाव मिळाले, वय मिळाले, नातेवाईक मिळाले. मिनी आणि पर्ल ही दोन्ही नावे त्या भागात घरोघर आढळणारी, आपल्याकडच्या गंगू-सखूसारखी. १९३९ मध्ये साउथ कॅरोलायनातल्या एकन या गावी एका कार्यक्रमासाठी त्यांनी स्वस्तातला झगा, पांढरे सुती मोजे आणि गवताची हॅट असे सामान जमवले आणि मिनी पर्ल पहिल्यांदा वेशासकट लोकांपुढे उभी राहिली.

यशाची सुरुवात झाली असे तुम्हांला वाटेल. तसे झाले नाही. वडील १९३७ मध्ये वारले होते. नाटक कंपनीचा धंदाही उतरणीला लागला होता, कारण गावोगावी बोलपट पोहोचले होते. १९४० मध्ये साराबाई नोकरी सोडून आईजवळ सेंटरव्हिलला परतल्या. वय २८, लग्न झालेले नाही, हातात पैसा नाही, नटी होण्याचे स्वप्न कधीच मागे पडलेले. सरकारी योजनेतून चाललेल्या मुलांच्या करमणूक केंद्रात त्यांनी काम धरले. गावात त्यांच्या वयाच्या मुली संसाराला लागल्या होत्या. चरित्रे वाचताना आपण अशी वर्षे भरभर उलटतो, कारण पुढे काय होणार ते आपल्याला माहीत असते. त्यांना ते माहीत नव्हते.

त्या वर्षी गावात बँकवाल्यांचा एक मेळावा भरला. तिथे साराबाईंनी मिनीच्या गोष्टी सांगितल्या. ऐकणाऱ्या एका बँकरने नॅशव्हिलच्या रेडिओ केंद्राला त्यांचे नाव कळवले, आणि केंद्राने त्यांना परीक्षेला बोलावले.

आता या रेडिओ केंद्राविषयी थोडे सांगितले पाहिजे. केंद्राचे नाव डब्ल्यूएसएम. मालकी एका विमा कंपनीची. १९२५ मध्ये तिथे शनिवारी रात्री खेड्यातल्या वादकांचा एक कार्यक्रम सुरू झाला. फिडल, बँजो, गिटार, माउथ ऑर्गन अशी वाद्ये, आणि शेतकरी, कारागीर, कामगार हे वाजवणारे. या संगीताला पुढे कंट्री म्युझिक असे नाव रूढ झाले. त्या कार्यक्रमाच्या आधी अभिजात पाश्चात्त्य संगीताचा, म्हणजे ऑपेराच्या परंपरेतला कार्यक्रम लागे. १९२७ मध्ये निवेदक जॉर्ज हे यांनी गमतीने ग्रँड ऑपेरा या शब्दांचा गावठी उच्चार करून आपल्या कार्यक्रमाला ‘ग्रँड ओल ऑप्री’ म्हटले. नाव चिकटले ते कायमचे. हा कार्यक्रम आजही चालू आहे. निवेदक हे यांना सगळे ‘जज’ म्हणत, पण ते न्यायाधीश वगैरे कधीच नव्हते.

तर परीक्षेत साराबाईंचे काम सर्वांना आवडले, आणि तरीही केंद्रातली मंडळी घुटमळली. कारण विनोदात नव्हते, साराबाईंच्या शिक्षणात होते. नामांकित महाविद्यालयात शिकलेली, चांगल्या घरची बाई खेडवळ वेश करून येते आणि खेड्यातल्या लोकांसारखे बोलते. ऐकणारा श्रोता खेड्यातलाच. ही शिकलेली बाई आपली टिंगल करते आहे असे त्याला वाटले तर? हा प्रश्न अगदी रास्त होता, आणि त्याचे उत्तर केंद्रात बसून मिळण्यासारखे नव्हते. शेवटी त्यांनी मध्यम मार्ग काढला. साराबाईंना रात्री अकरा वाजून गेल्यानंतरची वेळ दिली. फजिती झालीच तर तोवर बरेचसे श्रोते झोपलेले असतील, हा हिशेब.

३० नोव्हेंबर १९४० ही ती रात्र. साराबाई भीतीने थरथरत होत्या. त्यांची अवस्था पाहून जज हे यांनी जवळ येऊन एवढेच सांगितले, की समोरच्या लोकांवर प्रेम कर, ते तुझ्यावर करतील. काही मिनिटांत काम झाले. बिदागी दहा डॉलर मिळाली. प्रेक्षकांत बसलेल्या आईला त्यांनी कसे झाले म्हणून विचारले, तर चारदोन माणसे जागी झाली, असे उत्तर मिळाल्याचे त्या पुढे हसत सांगत. पुढच्या आठवड्यात केंद्रावर मिनी पर्लच्या नावे तीनशेहून अधिक पत्रे, कार्डे आणि तारा येऊन पडल्या. लिहिणारे बहुतेक खेड्यातले. टिंगल झाल्याची शंका कुणालाही आली नव्हती.

ती का आली नाही, याचा आम्ही बराच विचार केला. खेडवळ माणसाला हसणारा विनोद जगात पुष्कळ आहे, आणि तो सोपाही असतो. बोली थोडी वाकडी केली, चार शब्द चुकवले, की शहरी प्रेक्षक हसतो. आपल्या इंदूरच्या मुलांना हे वेगळे सांगायला नको. सुटीत पुण्या-मुंबईच्या नातलगांकडे जावे आणि आपल्या मराठीत एखादा हिंदी शब्द आला, की तिथे कुणी तरी गालात हसतेच. आपल्याला हसणारा आणि आपल्याबरोबर हसणारा यांतला फरक कानाला लगेच कळतो. मिनीच्या विनोदात तो कसा कळे, हे एका किश्शावरून पाहू. मिनीचा एक भाऊ आहे. त्याला नावच नाही, सगळे नुसते भाऊच म्हणतात. स्वारी डोक्याने जरा मंद. एकदा तो लोहाराच्या दुकानात जातो आणि भट्टीतून नुकतीच काढलेली घोड्याची नाल हातात उचलतो. अर्थातच लगेच टाकून देतो. हात भाजला का, असे लोहार विचारतो. तर भाऊ म्हणतो, भाजला वगैरे काही नाही, आपल्याला नाल बघायला फार वेळ लागत नाही, इतकेच.

यात भाऊ मूर्ख ठरतो, हे खरे. पण शेवटचा शब्द त्याचाच आहे, आणि त्याने आपला मान सोडलेला नाही. ऐकणाऱ्याच्या घरातही असा एखादा भाऊ, काका, मामा असतोच. मिनीचे सगळे गणगोत असेच होते: नॅबॉबकाका होते, अँब्रोजियाकाकू होत्या, आणि लग्नाचे नाव न काढणारा हेझी नावाचा एक मित्रही होता. मिनी स्वतः दिसायला बेताची, वरसंशोधनात अखंड गुंतलेली आणि तरीही कमालीची आनंदी. त्यातले लग्न न जमल्याचे विनोद आज ऐकताना जुने आणि काहीसे बोचरे वाटतात, हे आम्ही लपवत नाही. पण ती दुसऱ्या कुणाच्या रूपाला हसत नाही, स्वतःच्या हसते. आपल्याकडे शंकर पाटील, द. मा. मिरासदार आणि व्यंकटेश माडगूळकर यांनी गावोगावी ग्रामीण कथाकथन केले, त्यातही गाव असेच आतून आलेले असे.

मिनीचे गाव म्हणजे ग्राइंडर्स स्विच. हे गाव म्हणजे नुसता रेल्वेचा सांधा होता, सेंटरव्हिलजवळचा. साराबाईंच्या वडिलांचे लाकूड तिथून गाडीत भरले जाई, म्हणून लहानपणी त्यांनी ती जागा पाहिलेली. वस्ती जवळजवळ नाहीच. मिनीने तिथे शाळा, देवळासारखे चर्च, लग्ने, भांडणे असे सगळे वसवले. पुढे ते गाव शोधत इतके लोक येऊ लागले, की तिथल्या रस्ते खात्याला पाटीवरचे नाव बदलावे लागले.

हॅटवरच्या चिठ्ठीची हकिकत छोटीशीच आहे. एकदा साराबाईंनी हॅटला लावायला नवी फुले विकत घेतली आणि घाईत त्यांच्यावरची किमतीची चिठ्ठी काढायची राहून गेली. रंगमंचावर ती लोंबताना पाहून लोक हसले. साराबाईंनी मग ती काढलीच नाही. नवी वस्तू घेतल्याचा आनंद इतका, की चिठ्ठी काढायचे भान नाही. मिनीचा सगळा स्वभाव त्या एवढ्याशा कागदात आला.

दुसऱ्या महायुद्धाच्या सुरुवातीच्या काळात ऑप्रीच्या कलावंतांबरोबर लष्करी छावण्यांतून दौरे झाले. १९४२ पासून कार्यक्रमाच्या ज्या भागाचे प्रक्षेपण देशभर होत असे, त्यात मिनी आली. १९४७ हे वर्ष दोन कारणांनी महत्त्वाचे. फेब्रुवारीत साराबाईंचे हेन्री कॅनन यांच्याशी लग्न झाले. हे युद्धात वैमानिक होते, आणि पुढे बायकोला विमानातून गावोगावच्या कार्यक्रमांना तेच नेऊ लागले. विमान भाड्याने देण्याचा त्यांचा व्यवसायच होता. त्यांना मूलबाळ झाले नाही, पण संसार ४९ वर्षांचा झाला. त्याच वर्षी सप्टेंबरात न्यूयॉर्कच्या कार्नेगी हॉलमध्ये, जिथे जगातले थोर शास्त्रीय संगीतकार वाजवून गेले, तिथे अर्नेस्ट टब यांच्याबरोबर मिनी पर्ल उभी राहिली. ज्या शहराच्या रंगभूमीवर गंभीर नटी म्हणून जायचे होते, तिथे साराबाई अखेर पोहोचल्या, पण गवताची हॅट घालून.

आता टेलिव्हिजनकडे वळू. आजवर घरी बसलेल्या श्रोत्याला मिनीचा फक्त आवाज माहीत होता. येताच ती हाऊडी हा गावाकडचा नमस्कार केवढ्यातरी मोठ्याने, शेवटचा स्वर लांबवून घाली, आणि सभागृह तसाच जबाब देई. चेहरा, हॅट, चिठ्ठी हे सगळे सभागृहात आलेल्यांनाच दिसे. १९५० नंतर अमेरिकेत घरोघर टेलिव्हिजन आला. मोठ्या शहरांतल्या कंपन्यांना कंट्री म्युझिक तिथे चालेल असे वाटत नव्हते. तरी २२ जानेवारी १९५५ रोजी एबीसी वाहिनीवर ‘ओझार्क ज्युबिली’ हा कंट्री संगीताचा आणि विनोदाचा कार्यक्रम सुरू झाला. तो मिसुरी राज्यातल्या स्प्रिंगफील्ड या मध्यम गावाचा कार्यक्रम. गायक रेड फोली त्याचे सूत्रधार होते, आणि तो १९६० पर्यंत चालला. त्याचे यश पाहून त्याच वाहिनीने ऑक्टोबर १९५५ पासून जवळजवळ वर्षभर, दर चौथ्या शनिवारी त्याच्या जागी नॅशव्हिलहून ग्रँड ओल ऑप्री दाखवला. भारतात दिल्लीला टेलिव्हिजनचे प्रायोगिक प्रक्षेपण सुरू व्हायला अजून चार वर्षे होती.

हे कार्यक्रम जिवंत असत, म्हणजे जे घडे ते त्याच क्षणी घरोघर दिसे. चुकले तर पुन्हा करणे नाही. गायकांना हे जड गेले, मिनीला नाही. पंधरा वर्षे दर शनिवारी तिने हेच केले होते. शिवाय कॅमेऱ्याने तिला एक गोष्ट फुकट दिली: ती दिसू लागली. रेडिओवर हॅटचे वर्णन करावे लागे, इथे नुसते डोके हलवले की चिठ्ठी हले. तिच्या जोडीला रॉड ब्रॅसफील्ड नावाचा विनोदी नट असे. साधारणपणे जोडीत एक सरळ बोलतो आणि दुसरा हशा घेतो. या दोघांनी तसे वाटून घेतले नव्हते, ज्याला सुचेल त्याने घ्यावे. १९५८ मध्ये ब्रॅसफील्ड अकाली वारले. तसा जोडीदार साराबाईंना पुन्हा मिळाला नाही.

पुढच्या बऱ्याच गोष्टी भराभर सांगता येतील. २५ मार्च १९६१ रोजी होनोलुलूला पर्ल हार्बरच्या स्मारकासाठी एल्विस प्रेस्लीचा निधिसंकलनाचा मोठा कार्यक्रम झाला, त्यात मिनी होती. १९६० च्या दशकाअखेर काही व्यावसायिकांनी तिचे नाव लावून तळलेल्या कोंबडीच्या हॉटेलांची साखळी काढली. ती फार झपाट्याने वाढली आणि हिशेबांची चौकशी होऊन तितक्याच झपाट्याने कोसळली. कारभारात साराबाईंचा हात नव्हता, पण पाटीवर नाव मिनीचे होते, आणि नुकसान सोसलेल्या लोकांत तिच्यावर भरवसा ठेवणारे होते. याचे त्यांना फार वाईट वाटले.

१५ जून १९६९ रोजी सीबीएस वाहिनीवर ‘ही हॉ’ सुरू झाला. हा गाढवाच्या ओरडण्याचा इंग्रजीतला आवाज. बक ओवेन्स आणि रॉय क्लार्क हे गायक त्याचे सूत्रधार. मक्याच्या शेतातून डोके काढून कुणी एखादा विनोद टाकतो, मग गाणे, मग पुन्हा विनोद, असा तो सगळा मसाला. समीक्षकांनी त्याला नावे ठेवली, प्रेक्षकांनी डोक्यावर घेतले. तरी १९७१ मध्ये वाहिनीने तो बंद केला. प्रेक्षक कमी झाले म्हणून नव्हे. जाहिरातदारांना शहरातला तरुण प्रेक्षक हवा होता, म्हणून त्या वर्षी खेड्याशी संबंधित असलेले कितीतरी चालते कार्यक्रम काढून टाकले गेले. ‘ही हॉ’च्या निर्मात्यांनी मग तो गावोगावच्या छोट्या केंद्रांना थेट विकला आणि तो आणखी वीस वर्षांवर चालला. त्यात मिनी कधी गावच्या वर्तमानपत्राची संपादक असे, कधी वात्रट मुलांच्या वर्गाची बाई. सेंटरव्हिलला दोन वर्षे शिकवलेल्या साराबाईंना ती भूमिका सोपी गेली असेल.

१९७५ मध्ये कंट्री म्युझिकच्या सन्मान-दालनात मिनी पर्लचे नाव नोंदले गेले. १९८० मध्ये आत्मचरित्र प्रसिद्ध झाले. आपण गंभीर नटी होऊ शकलो नाही हे अपयश बरीच वर्षे त्यांच्या मनात होते, आणि ऑप्रीतले काम हा तात्पुरता मुक्काम आहे असे समजून त्या सुरुवातीला वावरत होत्या. साराबाई संकोची, नीटनेटक्या, नॅशव्हिलच्या उच्चभ्रू वस्तीत राहणाऱ्या. मिनी कुणाच्याही गळ्यात पडणारी. लोकांना भेटायची असे ती मिनी, आणि त्या निमूटपणे मिनीला पुढे करत.

१९८५ मध्ये मात्र उलटे झाले. त्यांना स्तनाचा कर्करोग झाल्याचे निदान झाले आणि दोन्ही बाजूंची शस्त्रक्रिया करावी लागली. वय ७२. त्या काळी या आजाराबद्दल बायका उघडपणे बोलत नसत. साराबाई बोलू लागल्या. तपासणी वेळेवर करून घ्या, लाजू नका, हे त्या सभासभांतून सांगू लागल्या. अमेरिकन कॅन्सर सोसायटीच्या कामात त्यांनी भाग घेतला. हे काम त्यांनी हॅट न घालता, सारा कॅनन या खऱ्या नावाने केले. नॅशव्हिलमध्ये कर्करोगावरच्या उपचारांचे केंद्र आणि त्याला जोडलेली संशोधन संस्था यांना त्यांचे नाव दिले गेले, तेही सारा कॅनन असेच.

जून १९९१ मध्ये पक्षाघाताचा झटका आला आणि रंगमंच सुटला. ३० नोव्हेंबर १९४० च्या त्या रात्रीपासून पन्नास वर्षे उलटून गेली होती. १९९२ मध्ये त्यांना अमेरिकेचे कलाक्षेत्रातले राष्ट्रीय पदक मिळाले. ४ मार्च १९९६ रोजी नॅशव्हिलमध्ये त्यांचे निधन झाले, पुढच्याच वर्षी हेन्रीही गेले. ऑप्रीचा कार्यक्रम ज्या रायमन सभागृहात १९४३ पासून १९७४ पर्यंत होत असे, तिथे एका बाकावर तिचा ब्राँझचा पुतळा आहे. शेजारी गायक रॉय अकफ यांचा. लोक बाकावर टेकून फोटो काढून घेतात. पुतळा मिनीचा आहे.